सांजखडा: जादूच्या खनिजाची खोड कुठे ठेवावी?

वाटाड्या

मी लिहितोय त्या कादंबरीतलं जग म्हणजे काळवट नावाचं पठार, लाव्हाच्या थरावर थर बसून झालेलं. तिथल्या कातळात सांजखडा सापडतो. रंग निळसर हिरवा, दिवसा उजेड पितो आणि दिवस मावळला की परत देतो. पहिल्या मसुद्यात हा खडा म्हणजे कधी न विझणारा दिवाच होऊन बसला. तो घरोघरी पोचला की तेलाचा घाणा नको, मशालजी नको, आणि सातव्या प्रकरणातला रात्रीचा वेढा तर पार कोसळतो.

म्हणून नेमके नियम हवे आहेत. कातळात तो कुठे आणि कशाच्या सोबतीने सापडावा? न फुटता बाहेर कसा काढतात? किती उजेड, किती वेळ? तो मरतो कशाने? बाजारात खोटा खडा कसा ओळखतात? "जादू आहे, चालून जातं" हे उत्तर नको. वाचणाऱ्यांत दगडाचं काम करणाऱ्या घरांतली माणसंही असतील. छिन्नीचा एकही घाव त्यांना खोटा वाटता कामा नये.

आतापर्यंत ठरलंय ते एवढंच: खडा काचेसारखा आरपार दिसतो, बोटाच्या पेराएवढा असतो आणि तोळ्यावर विकला जातो.

कातळकडा

लाव्हाचं पठार घेतलंत ते फार चांगलं झालं, कारण त्याचा नमुना आपल्या पायाखालीच आहे. दख्खनचा काळा पाषाण सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा. त्याच्या पोकळ्यांत वाढलेले स्फटिक जगभरच्या संग्रहालयांत मांडलेले आहेत. सिन्नरचं गारगोटी संग्रहालय लिहायला बसण्याआधी बघाच, निम्मे प्रश्न तिथेच सुटतील.

लाव्हाच्या एका थराचा छेद डोळ्यासमोर आणा. तळाशी बुडबुड्यांचा पातळ पट्टा, मधे घट्ट, एकसंध कातळ, आणि वर पुन्हा बुडबुडे. वायू वर चढतो, पण वरचं कवच आधी थिजतं, त्यामुळे तो तिथेच अडकतो. दोन थरांच्या मधे पुष्कळ ठिकाणी तांबड्या मातीचा पट्टा दिसतो. बांधकामाचा चांगला दगड मधल्या भागातला, खडे मात्र वरच्या पोकळ्यांतले. म्हणजे तुमच्या जगात घरं बांधणारा पाथरवट आणि खडे शोधणारा खाणकरी एकाच डोंगरात वेगवेगळ्या उंचीवर काम करतील. पाथरवट ज्या दगडाला "सडका" म्हणून टाकून देतो, खाणकरी त्याच्याच शोधात असतो.

पोकळी एका दमात भरत नाही. कातळ थंडावल्यावर त्यातून गरम पाणी झिरपतं, आणि ते जे विरघळवून आणतं ते थराथराने भिंतीवर बसतं. बहुतेक वेळा सगळ्यात आधी येते हिरवी मातकट साल, तिला सेलॅडोनाइट म्हणतात. मग कॅल्सिडोनी किंवा गार. मग ह्यूलँडाइट, स्टिल्बाइट असे झिओलाइट, म्हणजे जाळीदार घडणीत पाणी धरून ठेवणारी खनिजं. अपोफिलाइट आणि कॅल्साइट पुष्कळदा त्यांच्याही नंतर. क्रम जागोजाग बदलतो, पण शोधणाऱ्याला ती हिरवी साल फार उपयोगाची. ओली असताना नखाने खरवडली की साबणासारखी निघते, आणि बोटावर शेवाळासारखा डाग राहतो. तुमच्या खाणकऱ्याची पहिली खूण हीच ठेवा.

सांजखडा कुठे बसवायचा ते कॅव्हनसाइटवरून ठरवा. कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिकॉनचं हे गडद निळं खनिज. शास्त्रीय वर्णन १९७३ साली अमेरिकेतल्या ओरेगनच्या नमुन्यांवरून झालं, पण त्याचे सगळ्यात देखणे गुच्छ पुण्याजवळच्या वाघोलीच्या दगडखाणींतले. पांढऱ्या स्टिल्बाइटवर निळी बोंडं बसल्यासारखी दिसतात. रंग व्हॅनेडियमचा. तो पाण्यातून फार थोडा येतो, म्हणून शेजारच्या पोकळीत स्टिल्बाइट भरपूर असलं तरी निळं काहीच नसतं. सांजखड्यालाही असाच एक दुर्मीळ धातू लागतो असं धरा: रंग जितका गडद, तितकी उजेड धरायची ताकद जास्त. शंभर पोकळ्या फोडल्या तर पंधरा-वीसांत पांढरे स्फटिक आणि एखादीत सांजखडा, हे प्रमाण कथेला पुरेसं दुर्मीळ वाटेल.

खनिजांच्या १ ते १० या मोजपट्टीवर कठिनता ४ ठेवा. तांब्याच्या पैशाने ओरखडा उठत नाही, चाकूने उठतो. यातून आपोआप एक गोष्ट घडते: असा खडा अंगठीत टिकत नाही. रोजच्या धुळीत गारेचे कण असतात, त्यांची कठिनता ७. पुसता पुसताच वर्षभरात खडा आंधळा होतो. श्रीमंतांनी तो गळ्यात, झाकणाच्या डबीत घालावा.

आणि एका दिशेने सहज फाटणारा असू द्या. अपोफिलाइट एका पातळीत असं सुटतं की त्या तुकड्यावर मोत्याची चमक दिसते. सांजखड्याला तसा एक "पदर" दिलात की चुकीच्या बाजूने बसलेला घाव म्हणजे सरळ दोन भाकऱ्या.

पाचर

वरचा छेद बरोबर आहे. आता काढायचं कसं ते सांगतो.

आधी ठोकून ऐकायचं. घट्ट कातळावर घण मारला की खणखणीत आवाज येतो, हातालाही झिणझिण्या येतात. पोकळी जवळ असली की आवाज बद्द येतो, मडकं फुटकं असल्यासारखा. पोकळीच्या कडा शोधायला एक-एक वितीवर ठोकत जायचं आणि आवाज बदलला तिथे खडूने खूण करायची. चारही बाजूंनी खुणा जुळल्या की आकार कळतो.

खुणेच्या आत छिन्नी लावायची नाही. खुणेपासून किमान वीतभर बाहेर, सगळीकडून चर खोदायचा. चराच्या तळाशी चार-चार बोटांवर भोकं पाडून त्यांत पाचरा बसवायच्या. लोखंडी पाचर असेल तर दोन्ही बाजूंना पातळ पट्ट्या घालून मधे पाचर, म्हणजे जोर भोकाच्या भिंतीवर सरळ पडतो. सगळ्या पाचरांवर ओळीने एक-एक ठोका द्यायचा आणि पुन्हा पहिल्यापासून. एकच पाचर ठोकत राहिलं तर तडा त्या भोकातून वाटेल तिकडे पळतो, बहुधा पोकळीकडेच, कारण तिथे दगड कमकुवत असतो. शेवटच्या फेऱ्यांना घाई नको. ठोक्याचा सूर चढत जातो, मग एकदम उतरतो. तो उतरला की हात थांबवायचा आणि दगडाला स्वतःहून सुटू द्यायचं.

लाकडी पाचरांची जुनी पद्धतही आहे: कोरडं लाकूड ठोकून बसवायचं आणि रात्रभर पाणी घालत राहायचं, लाकूड फुगून दगड फोडतं. ती तुमच्या कथेत गरीब खाणकऱ्यांना द्या. आवाज होत नाही, त्यामुळे चोरटं खोदकामही याच पद्धतीने होईल.

आग लावून दगड तापवायचा आणि वर पाणी ओतून तडकवायचा, हीसुद्धा फार जुनी रीत. मधल्या घट्ट कातळातून वाट काढताना ती चालेल. पोकळीच्या जवळ मात्र बिलकूल नाही.

खडा कधीच नुसता उचलायचा नाही. पाठीला चार बोटं कातळ ठेवून अख्खा तुकडा काढायचा. नुसता स्फटिक उपटला की तो मुळाशी तुटतो आणि खाली पांढरी जखम राहते. वाहतुकीला ओलसर सुती कापडाचे दोन वेढे, मग भाताच्या भुशाने भरलेली टोपली. टोपलीत तुकडे एकमेकांना लागता कामा नयेत.

धुताना साधं पाणी आणि मऊ कुंचला. आंबट काही वापरायचं नाही. कॅल्साइट आम्लात फसफसून विरघळतं हे सगळ्यांना माहीत असतं, पण स्कोलेसाइटसारखे काही झिओलाइट तीव्र आम्लात चक्क खळीसारखे होतात हे लक्षात राहत नाही. ओकेनाइटचे कापसासारखे गोळे तर पाण्यानेही बिघडतात: केस एकमेकांना चिकटतात आणि पुन्हा मोकळे होत नाहीत. तुमच्या पोकळीत सांजखड्याशेजारी असा कापूस वाढवा. कोणाही शिकाऊ पोराच्या हातून पहिली चूक तिथेच होईल.

धुळीकडे दुर्लक्ष करू नका. झिओलाइटांतच एरिओनाइट नावाचं तंतूंसारखं खनिज आहे. तुर्कस्तानातल्या कॅपाडोसियाच्या काही गावांत घरांच्या दगडातच ते तंतू होते, आणि फुप्फुसाच्या आवरणाचा कर्करोग तिथे पिढ्यान्‌पिढ्या माणसं नेत राहिला. तंतू आत गेल्यावर रोग दिसायला कित्येक दशकं जातात. सांजखड्याच्या कडेला असे तंतू असतील तर खाण ओली ठेवणं हा कायदा असेल, आणि तो मोडणारा मुकादम किती माणसं मारतो हे त्याच्या हयातीत कोणाला कळणारही नाही.

उजेडवाट

उजेडाचं गणित मी मांडतो. वेढ्याचं प्रकरण वाचवायची जागा इथेच आहे.

उजेड साठवणारा दगड ही नुसती कल्पना नाही. १६०३ च्या सुमारास इटलीतल्या बोलोन्या शहरात विन्चेन्झो काशारोलो या मोच्याने जवळच्या डोंगरातला जड दगड, म्हणजे बॅराइट, कोळशाबरोबर भाजला आणि तो उन्हात ठेवल्यावर अंधारात चमकायला लागला. दगड कुटून, भिजवून, वड्या थापून कोळशाच्या थरात भाजायचा. भट्टीत त्याचं बेरियम सल्फाइड होतं. ओलसर हवेत ते बिघडतं, म्हणून जपायचं तर काचेत बंद करावं लागतं.

अशा सगळ्या पदार्थांत एक गोष्ट सारखी असते. उजेड सारख्या जोराने येत राहून एकदम बंद होत नाही. सुरुवातीला झपाट्याने उतरतो, मग फार हळू. कथेसाठी सोपा नियम घ्या: वेळ दुप्पट झाली की उजेड निम्मा. दिवस मावळून एक घटका झाली तेव्हा पोथीचं अक्षर लागत असेल, तर दोन घटकांनी डोळे ताणावे लागतील, चार घटकांनी फक्त ओळी दिसतील आणि आठ घटकांनी समोरच्याचा चेहरा. घटका २४ मिनिटांची, म्हणजे आठ घटका जेमतेम सव्वातीन तास. उत्तररात्री खड्यात उजेड असतो, पण अंधाराला सरावलेल्या डोळ्यालाच तो दिसतो. पहारेकऱ्याच्या कामाचा नाही. मशालजीची नोकरी शाबूत राहिली.

दुसरा नियम त्याहून कामाचा. अशा पदार्थाला भरायला निळा, जांभळा किंवा अतिनील उजेड लागतो. लाल-पिवळ्या उजेडात तेवढा जोर नसतो, मग तो कितीही वेळ पाडा. तेलाच्या दिव्याची ज्योत पिवळी, म्हणजे दिव्याखाली ठेवून सांजखडा भरत नाही. भरायचा तर आकाशच हवं. पावसाळ्यात, ढगाखाली, खडे अर्धवट भरतात. तुमच्या पठारावर चार महिने पाऊस असेल तर तेलाचा भाव आषाढात चढणार आणि घाणाही चालणार.

तिसरा नियम उष्णतेचा. फ्लोराइट नावाच्या खनिजाचे अनेक खडे अंधारात तापवले की चमकतात. आत अडकून पडलेली ऊर्जा उष्णतेने सुटते आणि उजेड होऊन बाहेर येते. एकदा सुटली की तोच दगड पुन्हा तापवून काही होत नाही, आधी तो नव्याने भरावा लागतो. सांजखड्याला हे लावा. गार ठेवला तर उजेड जपून, हळूहळू देतो. तळहातात धरला तर थोडा जास्त. निखाऱ्यावर धरला तर रात्रभराचा उजेड दहा श्वासांत संपतो.

मोठा खडा म्हणजे जास्त उजेड, असंही सरळ होत नाही. लांबी दुप्पट केली की वजन आठपट होतं, पण ऊन लागणारा पृष्ठभाग चौपटच. गढूळ खड्यात ऊन वरच्या थरापलीकडे जातच नाही, त्यामुळे आतला भाग नुसता भार. स्वच्छ खडा मात्र आतपर्यंत भरतो. म्हणून तोळ्यावर भाव ठरवणारा व्यापारी फसेल. भाव स्वच्छतेवर हवा.

पाचर यांच्या मुद्द्यात एक भर घालतो. पोकळीजवळ आग नको याचं खरं कारण खड्याच्या आतलं पाणी आहे. झिओलाइटच्या जाळीत पाण्याचे रेणू राहतात. नावही त्यावरूनच पडलं: १७५६ मध्ये स्वीडनच्या क्रोनस्टेट या खनिजतज्ज्ञाने असा दगड ज्वाळेत धरला तेव्हा तो उकळल्यासारखा फसफसला, म्हणून "उकळणारा दगड". बेताने तापवलं तर बहुतेक झिओलाइट पाणी सोडतात आणि थंड झाल्यावर हवेतून परत घेतात. जास्त तापवलं की जाळीच ढासळते. काहींना तर तापवावंही लागत नाही. लोमोंटाइट नुसत्या कोरड्या हवेत पाणी गमावतं, पांढरं पडतं आणि बोट लावताच पीठ होतं. सांजखडा ओल्या कापडातच का नेतात त्याचं उत्तर हे.

कसोटीवाला

बाजाराचं कोणी लिहिलं नाही, म्हणून थोडक्यात.

सगळ्यात खात्रीची परीक्षा पाण्यातल्या वजनाची. खडा आधी हवेत तोलायचा, मग केसाने बांधून पाण्यात बुडवून तोलायचा. जेवढं वजन घटलं त्याने हवेतल्या वजनाला भागायचं. सांजखड्याचं विशिष्ट गुरुत्व, म्हणजे तेवढ्याच आकाराच्या पाण्याच्या किती पट जड ते, २.३ धरलं तर २३ गुंजांचा खडा पाण्यात १० गुंजा हलका भरतो. साधी काच २.५ च्या आसपास, म्हणजे तेवढ्याच वजनाची काच साधारण ९.२ गुंजा घटते. फरक गुंजेच्या पाऊण भागाचा, त्यामुळे सोनाराचाच काटा लागेल, वाण्याचा चालणार नाही. खड्याला चिकटलेला बुडबुडा उत्तर बिघडवतो. आधी पाण्यात बोटाने चोळून घ्यायचा.

दुसरी खूण म्हणजे काचेतले गोल बुडबुडे. खऱ्या स्फटिकात आतली पोकळी बहुधा कोनदार किंवा लांबट असते. तिसरी खूण सांध्यात सापडते. पांढऱ्या दगडावर तुटका गुच्छ डिंकाने चिकटवून अख्खा म्हणून विकतात. सांध्याला तापवलेली सुई टेकवली की डिंकाचा वास येतो. रंगवलेला माल ओल्या पांढऱ्या कापडाने घासायचा, खाचेतला रंग आधी सुटतो. ओकेनाइटचे रंगवलेले गोळे आजही विकले जातात, तेव्हा हे काही कल्पनेतलं नाही.

आणि खरा पण मेलेला खडा? तो उन्हात ठेवून अंधारात बघण्याखेरीज उपाय नाही. म्हणून खड्यांचा बाजार दिवे लागणीला भरवा. माल दिवसभर उघड्यावर मांडलेला असेल आणि सौदे अंधार पडल्यावर होतील. पहिल्या घटकेत सगळेच खडे चमकतात, त्यामुळे जाणकार गिऱ्हाईक दुसऱ्या घटकेपर्यंत थांबतं आणि लबाड व्यापाऱ्याला घाई असते.

वाटाड्या

सगळ्यांचे मनापासून आभार. बाजार संध्याकाळी भरतो, हे तर आजच लिहून काढतो.

आता वेढ्याचं असं ठरतंय: गडावर तेल संपलंय, आभाळ भरलेलं आहे, खडे अर्धेच भरलेत. शत्रू अंधारात कड्याखाली शिड्या लावतोय. गडकरी सगळे खडे निखाऱ्यावर टाकायला सांगतो. दहा श्वास लख्ख उजेड, तेवढ्यात तिरंदाजांना नेम धरायचा. प्रश्न एवढाच: दुसऱ्या दिवशी त्या खड्यांचं काय होतं? सगळे मेले तर गड आंधळा होतो, सगळे वाचले तर त्या हुकुमाला काही किंमतच उरत नाही.

उजेडवाट

काही वाचू द्या. ह्यूलँडाइट आणि क्लिनोप्टिलोलाइट ही दोन खनिजं एकाच घडणीची, नुसत्या डोळ्यांनी वेगळी करणं कठीण. ४५० अंशांवर रात्रभर तापवली तर ह्यूलँडाइटची जाळी मोडते आणि क्लिनोप्टिलोलाइटची टिकते. कारण जाळीतलं सिलिकॉनचं प्रमाण, क्लिनोप्टिलोलाइटमध्ये ते जास्त असतं. सांजखड्याचेही असे दोन भाऊ करा, एक कच्चा आणि एक पक्का. बाजारात दोघांचा भाव एकच, कारण विस्तवात टाकेपर्यंत फरक कळत नाही, आणि विकत घेतलेला खडा विस्तवात टाकून कोण बघेल?

पाचर

निखाऱ्याची धग रात्रभराच्या भट्टीएवढी लांबत नाही, म्हणून सरसकट नियम लावू नका. राखेच्या कडेला पडलेले कच्चे खडेही वाचतील, मधोमध पडलेले पक्केही तडकतील.

निखाऱ्यातून काढल्यावर लगेच पाण्यात टाकायचे नाहीत. आग आणि पाण्याने दगड तडकवायची रीत वर सांगितली, इथेही तेच होईल: पदर सुटेल आणि पाती-पाती होतील. राखेतच थंड होऊ द्यायचे, मग ओल्या कापडात दोन-तीन दिवस. परत पाणी घेतात ते आधी कडेने निळे व्हायला लागतात, मधला भाग शेवटी. जे खडूसारखे पांढरे राहतात आणि कापड उलगडताना ज्यांचं पीठ बोटाला लागतं, ते गेले. ही मोजणी गडावर कोणीतरी बसून करायला हवी, एक-एक घडी उलगडत.